कॅमेरा कुणाच्या हातात, साक्ष कुणाची?

आंबेडकरी चळवळीत गाणे आहे, भाषण आहे, पुस्तक आहे, पुतळा आहे. दरवर्षी १४ एप्रिलला, १४ ऑक्टोबरला आणि ६ डिसेंबरला लाखोंचा समुदाय रस्त्यावर उतरतो. परंतु या समुदायाकडे शांतपणे, वर्षानुवर्षे, न थकता पाहत राहणारा कॅमेरा चळवळीकडे किती आहे, हा प्रश्न आम्ही आज वाचकांपुढे ठेवत आहोत. निमित्त आहे माहितीपट या माध्यमाचे. माहितीपट म्हटला की सिनेमागृहात मुख्य चित्रपटाआधी दाखवली जाणारी सरकारी धरणांची आणि कुटुंबनियोजनाची चित्रफीत आठवते. आम्ही तिच्याविषयी बोलत नाही. माणसांच्या जगण्याजवळ जाऊन थांबणारा, घाई न करणारा, जे घडते ते घडू देणारा आणि नंतर ते समाजासमोर पुराव्यासारखे मांडणारा माहितीपट आम्हाला अभिप्रेत आहे.

आनंद पटवर्धन यांचा 'जय भीम कॉम्रेड' हा अशा कामाचा ठळक नमुना आहे. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या माता रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली. सकाळी उठलेल्या वस्तीने पुतळ्याच्या गळ्यात चपलांचा हार पाहिला. लोक संतापून पूर्व द्रुतगती महामार्गावर आले. राज्य राखीव पोलीस दलाने गोळीबार केला आणि दहा माणसे मारली गेली. जमाव गॅसचे टँकर पेटवणार होता म्हणून गोळ्या झाडाव्या लागल्या, असे पोलिसांनी सांगितले. एका सकाळीत दहा प्रेते आणि संध्याकाळपर्यंत तयार झालेली एक सरकारी कहाणी, असा हा प्रकार.

चार दिवसांनी, १५ जुलै रोजी, शाहीर विलास घोगरे यांनी गळफास घेतला. घोगरे डाव्या चळवळीच्या कलापथकात गाणारे कवी होते. मुंबईच्या झोपडपट्टीवासीयांवर पटवर्धन यांनी १९८५ साली केलेल्या 'हमारा शहर' या माहितीपटात त्यांचे गाणे आहे. आयुष्यभर लाल झेंड्याखाली गाणाऱ्या या शाहिराने मरताना डोक्याला निळी पट्टी बांधली होती. ज्या संघटनेसाठी त्यांनी गळा झिजवला, तिने त्यांना बाहेर काढले होते. या मृत्यूचा अर्थ शोधण्यासाठी पटवर्धन यांनी कॅमेरा उचलला आणि तो चौदा वर्षे खाली ठेवला नाही. २०११ साली पूर्ण झालेला हा माहितीपट तीन तासांहून अधिक लांबीचा आहे.

चौदा वर्षे या शब्दावर आम्ही मुद्दाम थांबतो. कोर्टकचेरीत वावरणाऱ्या माणसाला या कालावधीचा अर्थ चांगला कळतो. रमाबाई नगर प्रकरणी न्यायमूर्ती गुंडेवार आयोग नेमला गेला. गोळीबाराचे समर्थन होऊ शकत नाही, असा त्याचा निष्कर्ष निघाला आणि उपनिरीक्षक मनोहर कदम याच्यावर ठपका आला. तरीही सत्र न्यायालयाचा निकाल यायला मे २००९ उजाडला. सदोष मनुष्यवधाबद्दल जन्मठेप सुनावली गेली आणि अवघ्या काही दिवसांत उच्च न्यायालयातून आरोपीला जामीन मिळाला. घटना १९९७ ची, शिक्षा २००९ ची. दरम्यान बारा वर्षे गेली. या बारा वर्षांत साक्षीदार म्हातारे होतात, काही मरतात, काहींची घरे बदलतात, काही थकून म्हणतात की आता आम्हाला काही आठवत नाही. न्यायालयाच्या निकालपत्रात या थकव्याची नोंद नसते. तिथे फक्त 'साक्षीदार फितूर' किंवा 'साक्षीदार अनुपलब्ध' एवढेच येते.

माहितीपट ही नोंद ठेवतो. गोळीबारानंतरच्या दिवसांत कॅमेऱ्यासमोर बोललेले चेहरे पुढच्या वर्षांत पुन्हा दिसतात. स्मृतिदिन येतो आणि जातो. पुढारी भाषणे करतात. जे नेते वस्तीत येऊन न्यायाच्या शपथा घेतात, तेच नंतर कुणाच्या मांडीला मांडी लावून बसतात, हे कॅमेरा कसलीही टिप्पणी न करता दाखवतो. शिवशक्ती आणि भीमशक्तीच्या एकत्र येण्याचा सोहळा याच माहितीपटात आहे. टीकेचा एक शब्दही न उच्चारता प्रेक्षकाच्या मनात जो प्रश्न उभा राहतो, तो शंभर अग्रलेखांनी उभा राहिला नसता. हे आम्ही अग्रलेख लिहिणारेच सांगत आहोत.

या माहितीपटातील आणखी दोन ठिकाणांचा उल्लेख केल्याशिवाय पुढे जाता येत नाही. एक आहे ६ डिसेंबरचे दादर. गावोगावहून, रेल्वेच्या डब्यांतून उभे राहून आलेली माणसे शिवाजी पार्कवर उतरतात, पुस्तके विकत घेतात, चैत्यभूमीवर रांगेत उभी राहतात. त्याच परिसरातील सुखवस्तू माणसे या गर्दीविषयी काय बोलतात, तेही कॅमेरा टिपतो. घाण, गर्दी, फुकटे, हे शब्द ज्या सहजतेने त्यांच्या तोंडून बाहेर पडतात, ती सहजता हाच पुरावा आहे. न्यायालयात अस्पृश्यतेचा पुरावा मागितला जातो तेव्हा असा पुरावा कुणी पुढे आणत नाही. दुसरे ठिकाण आहे मुंबईचा कचरा. हा कचरा उचलणारे, वाहणारे, उपसणारे हात कोणत्या समाजाचे आहेत, त्यांच्या हातात मोजे का नाहीत, हे सांगायला इथे तज्ज्ञ लागत नाही. ते हातच दिसतात.

इथे या पद्धतीचे मर्म आहे. बातमीदार घटनेच्या दिवशी येतो, दोन वाक्ये घेतो आणि निघून जातो. अत्याचाराच्या बातमीत आमचा माणूस नेहमी रडताना दिसतो, कारण बातमीदार रडण्याच्या दिवशीच आलेला असतो. जो वर्षभर थांबतो त्याला त्याच माणसाचे हसणे दिसते, गाणे दिसते, त्याच्या घरातील बुद्धाची मूर्ती आणि मुलांच्या पुस्तकांची फळी दिसते. पीडित एवढीच ओळख आमच्यावर लादली जाते, ती अशा थांबण्याने गळून पडते. 'जय भीम कॉम्रेड'मध्ये रमाबाई नगर आहे, खैरलांजी आहे, तसेच भीमगीते गाणाऱ्या स्त्रियाही आहेत आणि पुण्याच्या कबीर कला मंचाची तरुण पोरेही आहेत. मरणाची नोंद आणि जगण्याची नोंद इथे एकाच फितीवर आहे. खैरलांजीच्या खटल्यात खालच्या कोर्टाने फाशीची शिक्षा दिली, परंतु अट्रॉसिटी कायदा लागू धरला नाही. म्हणजे खून झाले हे मान्य, पण ते जातीमुळे झाले हे अमान्य! ज्या देशात कायद्याला जात दिसत नाही, तिथे जात दाखवणाऱ्या कॅमेऱ्याची किंमत अधिक आहे.

अशा कामाला सत्ता घाबरते आणि घाबरते म्हणूनच अडवते. पटवर्धन यांच्या माहितीपटांचा इतिहास हा मोठ्या अंशी न्यायालयीन लढायांचा इतिहास आहे. अयोध्येच्या रथयात्रेच्या काळात केलेला 'राम के नाम' राष्ट्रीय पुरस्कार मिळूनही दूरदर्शन दाखवायला तयार नव्हते. तो लोकांपर्यंत नेण्यासाठी न्यायालयाची पायरी चढावी लागली. 'पितृ, पुत्र और धर्मयुद्ध' हा माहितीपट तर सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला आणि २००६ साली त्या न्यायालयाने दूरदर्शनला तो दाखवण्याचा आदेश दिला. अण्वस्त्रांच्या प्रश्नावरील 'जंग और अमन'ला सेन्सॉर मंडळाने एकामागून एक काटछाटी सुचवल्या. २००३ साली मुंबई उच्च न्यायालयाने त्या फेटाळल्या. ११ मे १९९८ रोजी पोखरणला अणुस्फोट झाला तो दिवस बुद्ध पौर्णिमेचा होता, हे आपल्या वाचकांना सांगण्याची गरज नाही. त्या दिवशी झालेली तथागताची विटंबना चपलांच्या हारापेक्षा कमी होती काय? २०१९ साली 'विवेक' या माहितीपटाच्या केरळमधील महोत्सवातील प्रदर्शनासाठीही उच्च न्यायालयात जावे लागले. संविधानाच्या कलम १९ ने दिलेले अभिव्यक्तीचे स्वातंत्र्य कागदावर सर्वांना सारखे आहे. ते प्रत्यक्षात मिळवण्यासाठी वर्षानुवर्षे वकील उभे करावे लागतात आणि ही ताकद चाळीतल्या मुलाकडे नसते, हेही इथेच नमूद करणे भाग आहे.

याचा दाखला तामिळनाडूत आहे. दिव्या भारती या तरुणीने २०१७ साली 'कक्कूस' हा माहितीपट केला. कक्कूस म्हणजे शौचकूप. हाताने मैला साफ करणाऱ्या माणसांच्या मागे ती कॅमेरा घेऊन फिरली. मैला वाहण्याच्या प्रथेविरुद्ध या देशात १९९३ साली कायदा झाला, २०१३ साली दुसरा झाला. मार्च २०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने गटारात मरणाऱ्याच्या कुटुंबाला दहा लाख रुपये देण्याचे आदेश दिले; ऑक्टोबर २०२३ मध्ये ही रक्कम तीस लाख केली. कायदे दोन, निकाल दोन, आणि गटारातले मृत्यू चालूच! हे वास्तव दाखवणाऱ्या माहितीपटाचे प्रयोग बंद पाडले गेले, दिव्या भारतीला धमक्या आल्या, तिच्यावरच गुन्हा नोंदवला गेला. माणूस गटारात उतरवणाऱ्यावर गुन्हा नोंदवायला पोलिसांना वेळ नसतो. ते दाखवणारीवर नोंदवायला वेळच वेळ असतो.

आता चळवळीत वारंवार विचारल्या जाणाऱ्या आक्षेपाकडे वळू. आमच्या दुःखावर सवर्ण दिग्दर्शकाने माहितीपट करावा, देशविदेशांत पुरस्कार घ्यावेत आणि आम्ही पडद्यावर दिसल्याचे समाधान मानावे, हे किती दिवस चालणार? प्रश्न रास्त आहे आणि तो विचारणाऱ्याला कृतघ्न म्हणणे चुकीचे आहे. परंतु उत्तर जन्माच्या दाखल्यात शोधू नये. ते कामात शोधावे. जो आला तो थांबला का? त्याने आपल्या बाजूच्या लोकांनाही प्रश्न विचारले का? आणि केलेले काम त्याने सर्वांत आधी कुणाला दाखवले? विलास घोगरे यांना संघटनेने दूर केले, हा डाव्यांना अडचणीचा विषय 'जय भीम कॉम्रेड'ने झाकला नाही. जानेवारी २०१२ मध्ये त्याचा पहिला जाहीर प्रयोग भायखळ्याच्या बीआयटी चाळीत झाला. मलबार हिलच्या सभागृहाआधी चाळीतल्या माणसांनी तो पाहिला. या कसोट्यांवर हे काम उतरते, असे आमचे मत आहे.

तरीही एक गोष्ट उरते. चौदा वर्षांच्या चित्रणातून तीन-साडेतीन तास निवडायचे तर उरलेले बाजूला पडते. काय ठेवायचे आणि काय गाळायचे, हे संकलनाच्या टेबलावर बसलेला ठरवतो. आपण फक्त पाहतो, काही सांगत नाही, असे म्हणणारा कॅमेराही कुठे उभा राहायचे हे ठरवूनच उभा असतो. उत्तर प्रदेशातील बुंदेलखंडात दलित स्त्रियांनी चालवलेल्या 'खबर लहरिया' या वृत्तपत्रावर 'रायटिंग विथ फायर' हा माहितीपट झाला. तो ऑस्करच्या नामांकनापर्यंत पोहोचला. तेव्हा, मार्च २०२२ मध्ये, त्या स्त्रियांनीच जाहीर निवेदन काढले की यात आमच्या कामाचा एकच भाग ठळक केला आहे, आमची गोष्ट अपुरी सांगितली गेली आहे. जगाचे कौतुक दाराशी आले असताना असे म्हणायला हिंमत लागते. ज्यांचे चित्रण होते त्यांना, झालेल्या चित्रणाविषयी बोलण्याचा अधिकार आहे, हा धडा त्यांनी घालून दिला.

परंतु याच अधिकाराचा आधार घेऊन सत्ता कशी लबाडी करते, तेही ध्यानात ठेवावे. अमेरिकेत फ्रेडरिक वाइजमन या कायद्याचे शिक्षण घेतलेल्या दिग्दर्शकाने १९६७ साली मॅसॅच्युसेट्स राज्यातील मनोरुग्ण कैद्यांच्या इस्पितळावर 'टिटिकट फॉलीज' हा माहितीपट केला. निवेदन नाही, मुलाखत नाही; पहारेकरी आणि डॉक्टर कैद्यांशी कसे वागतात तेवढे पाहायचे. राज्य सरकारने त्यावर बंदी मिळवली आणि कारण दिले ते कैद्यांच्या खासगीपणाचे! ज्यांना उघडेनागडे कोठड्यांत ठेवले होते, त्यांच्या अब्रूची काळजी त्यांना तसे ठेवणाऱ्यांनाच वाटू लागली. सर्वसामान्य प्रेक्षकांसाठी ही बंदी १९९१ पर्यंत टिकली. संमती हा पीडिताचा हक्क आहे. तो अधिकाऱ्यांची ढाल होता कामा नये.

मग मार्ग कोणता? मार्ग हाच की कॅमेरा आमच्या हाती असला पाहिजे. ही परंपराही आमच्याकडे नवी नाही. ७ डिसेंबर १९५६ रोजी मुंबईत बाबासाहेबांची अंत्ययात्रा निघाली, तेव्हा नामदेवराव व्हटकर यांनी पदरचा पैसा घालून तिचे चित्रण केले. कुणी सरकारी खाते त्यासाठी धावून आले नव्हते. आज त्या महासागराची जी हलती दृश्ये आपण पाहतो, ती त्यांच्यासारख्या माणसाच्या धडपडीमुळे. आमच्या काळात सोमनाथ वाघमारे यांनी २०१७ साली भीमा कोरेगाववर आणि २०२३ साली चैत्यभूमीवर माहितीपट केले. ज्योती निशा यांनी बाबासाहेबांच्या विचारांचा आजच्या काळाशी असलेला संबंध मांडला. ही सुरुवात आहे आणि तिला समाजाने पैसा व प्रेक्षक दिला पाहिजे. जयंतीच्या एका रात्रीच्या डीजेवर जेवढा खर्च होतो, त्यात एका तरुणाचे काही महिन्यांचे चित्रण उभे राहते, हा हिशेब प्रत्येक मंडळाने करून पाहावा.

वकिलीच्या अनुभवातून काही गोष्टी कार्यकर्त्यांना सांगणे आमचे कर्तव्य आहे. आज प्रत्येकाच्या खिशात मोबाईल आहे आणि गावात काही घडले की चित्रण होतेच. पण ते व्हॉट्सअ‍ॅपवर फिरते आणि न्यायालयात टिकत नाही. जालन्याच्या निवडणुकीतून उद्भवलेल्या अर्जुन खोतकर प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने जुलै २०२० मध्ये स्पष्ट केले की इलेक्ट्रॉनिक पुराव्याची प्रत दाखल करताना कायद्याने सांगितलेले प्रमाणपत्र अनिवार्य आहे. मूळ उपकरणच न्यायालयात हजर केले तर गोष्ट वेगळी. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ मध्येही प्रमाणपत्राची अट आहे आणि फाइलचा हॅश आकडाही त्यात द्यावा लागतो. म्हणून मूळ फाइल पुसू नका. ज्या मोबाईलवर चित्रण झाले तो विकू नका, फॉरमॅट करू नका. तारीख, वेळ, ठिकाण आणि चित्रण करणाऱ्याचे नाव त्याच दिवशी वहीत लिहा. लैंगिक अत्याचाराच्या प्रकरणात पीडितेचा चेहरा, नाव, गाव काहीही उघड करू नका. तो गुन्हा आहे आणि त्याहीपेक्षा तो तिच्यावरचा दुसरा अन्याय आहे. ज्याचे चित्रण करता त्याला ते कशासाठी आहे हे त्याच्या बोलीत सांगा आणि झालेले चित्रण आधी त्याला दाखवा.

कॅमेऱ्याविषयीची एक तरतूद तर थेट आमच्याच कायद्यात आहे. अट्रॉसिटी कायद्यात २०१५ साली दुरुस्ती झाली आणि ती २६ जानेवारी २०१६ पासून अमलात आली. तिने आणलेल्या कलम १५-अ च्या दहाव्या पोटकलमात म्हटले आहे की या कायद्याखालील गुन्ह्यांच्या सर्व कार्यवाहीचे चित्रीकरण केले जाईल. कायद्याने हा कॅमेरा पीडिताच्या बाजूने न्यायालयात आणून ठेवला आहे. साक्षीदारावर दबाव कसा येतो, फिर्यादीला कोणत्या भाषेत प्रश्न विचारले जातात, हे त्यात नोंदले जाऊ शकते. प्रत्येक जिल्ह्यातील आंबेडकरी वकिलाने पहिल्याच तारखेला लेखी अर्ज देऊन हे चित्रीकरण मागितले पाहिजे. यंत्रसामग्री नाही असे उत्तर मिळाले तर तेही लेखी घ्यावे आणि वरच्या न्यायालयात जावे. न मागितलेला हक्क कायद्याच्या पुस्तकातच राहतो.

आणि शेवटी जतनाचा प्रश्न. आमचे जुने जलसे, गायन पार्ट्या, पँथरच्या सभा, नामांतराचे मोर्चे यांची चित्रणे आणि ध्वनिफिती कुणाच्या तरी पेटीत बुरशी धरत पडल्या आहेत. त्या गायकांपैकी, त्या मोर्चेकऱ्यांपैकी कितीतरी जण आज ऐंशीच्या घरात आहेत. प्रत्येक विहाराने आपल्या वस्तीतील पाच ज्येष्ठ स्त्री-पुरुषांना कॅमेऱ्यासमोर बसवावे, त्यांना तोडू नये, घाई करू नये, बोलू द्यावे. वस्ती कशी वसली, पाणी कुठून आणले, दीक्षेला नागपूरला कसे गेले, मोर्चात लाठी कुठे लागली, सारे येऊ द्यावे. त्याच्या दोन प्रती काढून एक विहारात आणि एक ग्रंथालयात ठेवावी. तथागतांनी स्मृती आणि जागरूकता यांना जे स्थान दिले, ते केवळ डोळे मिटून बसण्यासाठी नाही. जे आहे ते आहे तसे पाहणे, हीही साधना आहे आणि तिला समाजाच्या कामी लावणे हे आमचे काम आहे.

रमाबाई नगरच्या दहा माणसांना न्याय मिळाला का, याचे उत्तर न्यायालयाच्या दप्तरात सापडणार नाही. पण त्यांचे मरण कुणी टँकरच्या कहाणीखाली गाडू शकले नाही, कारण वस्ती बोलत राहिली आणि तिचे बोलणे कुणीतरी टिपत राहिले. उद्याच्या घटनेच्या वेळी टिपणारा हात आमच्याच वस्तीतला असावा, त्याच्याजवळ मूळ फाइल असावी, तारीख असावी, आणि त्याच्या पाठीशी वकील उभा असावा. येत्या जयंतीच्या वर्गणीच्या बैठकीत हा विषय पहिल्या क्रमांकावर घ्या, एवढे आमचे सांगणे आहे. जय भीम!